अर्धवट आठवणींचा वारसा

आपल्या वसई परिसरातील धर्मग्रामांचे वर्धापन महोत्सव मोठ्या थाटामाटाने साजरे होतात. मिस्सा होते, मिरवणूक निघते, जेवणावळी उठतात आणि शेवटी गुळगुळीत कागदावर छापलेली एक स्मरणिका घरोघर पोहोचते. तिच्यातील पहिला लेख बहुधा ठरलेला असतो, तो म्हणजे धर्मग्रामाचा इतिहास. या लेखाची चालही ठरलेली असते. सोळाव्या शतकात परदेशी धर्मगुरू आले, त्यांनी अपार कष्ट सोसून श्रद्धेचे रोपटे लावले, भव्य चर्च उभे राहिले. मग १७३९ साली मराठ्यांची स्वारी झाली आणि सारे उद्ध्वस्त झाले. एवढे सांगून लेखक एका उडीत शे-दीडशे वर्षे ओलांडतो आणि विसाव्या शतकातील धर्मगुरूंची नामावळी सुरू करतो.

हा इतिहास खोटा आहे असे मी म्हणत नाही. तो अर्धवट आहे. आणि जेथे तो गप्प बसतो, नेमका तोच भाग तुमच्या-आमच्या घराण्यांचा आहे. त्या दीडशे वर्षांत शेते कोणी कसली, चर्चचा दिवा कोणी तेवत ठेवला, मुलांना 'आमच्या बापा' कोणी शिकवली? स्मरणिका त्यांना ओळखत नाही. ती चर्चच्या दर्शनी भिंतीचा इतिहास सांगते. त्या भिंतीच्या सावलीत जगलेल्या माणसांचा नाही.

राजवटी बदलतात तेव्हा त्या केवळ किल्ल्यावरील निशाण बदलत नाहीत. कुटुंबाने काय बोलावे आणि कशाविषयी मौन धरावे, हेही त्या ठरवून जातात. आजोबा भीतीपोटी गप्प राहतात, बापाला ते मौन सवयीचे होते आणि नातवाला वाटते की सांगण्यासारखे काही नव्हतेच. आपल्या समाजाच्या बाबतीत हे एकदा नव्हे, निदान तीनदा घडले आहे.

पहिली उलथापालथ १५३४ ची. त्या वर्षाच्या डिसेंबरात गुजरातचा सुलतान बहादूरशहा याने तहाने वसई आणि आसपासचा मुलूख पोर्तुगिजांना दिला. त्यानंतरची दोनशे वर्षे आपल्या कित्येक घरांत सुवर्णकाळ म्हणून सांगितली जातात. 'तेव्हा आपले राज्य होते,' असे म्हणणारी वडीलधारी माणसे आजही भेटतात. आपले म्हणजे कोणाचे? गावेच्या गावे पोर्तुगीज सरदारांना आणि धर्मसंघांना तोडून दिलेली होती. आपले पूर्वज त्या गावांत राबणारे शेतकरी, कोळी आणि कारागीर होते. राज्य लिस्बनच्या राजाचे होते. आपल्या वाट्याला त्याचा सारा आला आणि त्याची आडनावे आली.

या आडनावांचीही एक गंमत आहे. परेरा, लोपीस, डिसोजा, रॉड्रिग्ज ही नावे बाप्तिस्म्याच्या वेळी मिळाली. ती रक्ताची साक्ष देत नाहीत. तरीही पोर्तुगीज रक्ताचा अभिमान बाळगणारी माणसे आपल्यात आहेत. आणि त्यांच्या शेजारच्याच घरात, आपण अस्सल ब्राह्मणांचे वंशज म्हणून इतर ख्रिस्ती जातींहून श्रेष्ठ, असे मानणारे लोकही आहेत. दोन्ही दाव्यांच्या मुळाशी एकच लाज आहे. कष्ट करून जगणारा, राजवटीपुढे वाकलेला आणि तरीही तगून राहिलेला पूर्वज आपल्याला पुरत नाही.

संत गोन्सालो गार्सिया यांचेच उदाहरण घ्या. १५९७ च्या फेब्रुवारीत जपानमधील नागासाकी येथे क्रुसावर प्राण देणारा हा फ्रान्सिस्कन बंधू वसईत जन्मला. १८६२ साली ख्रिस्तसभेने त्याला संतपद दिले. त्याचा पिता पोर्तुगीज होता, हे आपण आवर्जून सांगतो. त्याची आई इथली, या मातीतील होती. तिच्याविषयी आपण किती सांगतो? भारतात जन्मलेल्या या संताला पहिली प्रार्थना कोणत्या भाषेत शिकवली गेली असेल, हा प्रश्न आपल्या प्रवचनांतून क्वचितच ऐकू येतो.

त्या सुवर्णकाळाची काळी बाजूही घराघरातून पुसली गेली आहे. अनाथ हिंदू मुलांना ख्रिस्ती संस्थांच्या ताब्यात देण्याचा पोर्तुगीज राजाचा हुकूम १५५९ सालचा आहे. मंदिरे पाडली गेली, हेही सत्य आहे. १५६० मध्ये गोव्यात इन्क्विझिशन सुरू झाले आणि ते कायमचे बंद व्हायला १८१२ साल उजाडले. येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. या न्यायासनाचा मुख्य रोख बाप्तिस्मा घेतलेल्यांवर होता. नव्याने ख्रिस्ती झालेल्या बाईने जुना रिवाज पाळला तर तिला जाब विचारला जाई. गोव्यातील १७३६ सालच्या फर्मानाने तर लग्नातील हळदीपासून दारच्या तुळशीपर्यंत अनेक गोष्टींवर बंदी घातली. म्हणजे त्या राजवटीची तळी उचलताना आपण आपल्याच पणजीला दटावणाऱ्यांची बाजू घेत असतो.

आणि तरीही आज आपल्या लग्नघरात हळद लागते! गाणी म्हटली जातात, मांडव पडतो. पुरुषांनी मौन धरले तेव्हा बायकांच्या हातांनी आणि कंठांनी आठवण राखली. ज्या फर्मानाचा स्मरणिकेत उल्लेख नाही, त्याला आपल्या आजीने लग्नाच्या मांडवात उत्तर दिले आहे.

दुसरी उलथापालथ १७३९ ची. हिच्याविषयी आपल्या घरांत एक कथा आहे आणि शेजारच्या हिंदू घरांत दुसरी. आपल्याकडे ती चर्चच्या पडझडीची आणि पळापळीची कथा आहे. त्यांच्याकडे ती सुटकेची आणि पराक्रमाची. वज्रेश्वरीचे देऊळ चिमाजी आप्पांच्या नवसाची आठवण सांगते. अंजूरच्या गंगाजी नाईकांसारख्यांनी पोर्तुगीज अंमलाखालील लोकांची गाऱ्हाणी पेशव्यांपर्यंत नेली आणि मोहिमेसाठी जिवाचे रान केले. त्या घराण्याची कामगिरी बखरीत नोंदली गेली आणि आजही ती अभिमानाने सांगितली जाते. त्यांच्या तक्रारी खऱ्या होत्या. त्या खऱ्या होत्या हे कबूल केल्याने आपली श्रद्धा उणी होत नाही.

पण शेजारच्या कथेतही एक उणीव आहे, आणि ती भरून काढणे आपल्याच हाती होते. वसईचा वेढा भयंकर होता; भिंतींखाली सुरुंग उडाले, मराठ्यांकडील हजारो माणसे कामी आली. मे १७३९ मध्ये किल्ला पडला तो तहाने. त्या तहानुसार किल्ल्यातील फौजेला कुटुंबकबिल्यासह सुरक्षित बाहेर जाऊ देण्यात आले आणि मागे राहू इच्छिणाऱ्या ख्रिस्ती लोकांना आपला धर्म पाळण्याची मुभा देण्यात आली. सरदार गलबतांत बसून निघून गेले. मागे राहिले ते आपण. आपल्या पूर्वजांना जाण्यासाठी दुसरा देश नव्हता. त्यांची भातखाचरे, विहिरी आणि पूर्वजांची हाडे इथेच होती.

युरोपीय धर्मगुरूंच्या जागी गोव्याकडचे एतद्देशीय धर्मगुरू आले आणि उपासना चालू राहिली. १७६० च्या सुमारास आंकेतिल द्यु पेरोन हा फ्रेंच विद्वान साष्टी बेटातून फिरला. मराठ्यांच्या राज्यात ख्रिस्ती लोक आपले सण उघडपणे आणि गर्दीने साजरे करीत आहेत, असे त्याने पाहिले आणि नोंदवून ठेवले. हा पुरावा आपल्या स्मरणिकांत का नसतो? कारण तो आपल्या छळकथेत बसत नाही. तो विजयोत्सवाच्या भाषणांतही नसतो. कारण ख्रिस्ती म्हणजे पोर्तुगिजांचे उरलेसुरले लोक, या समजुतीला तो छेद देतो. पोर्तुगीज गेले आणि ख्रिस्ती राहिले, ही एकच वस्तुस्थिती दोन्ही बाजूंच्या सोयीच्या कथा मोडून काढायला पुरेशी आहे. तीच आपण मुलांना सांगत नाही.

वसई मोहिमेनंतर चर्चच्या घंटा मराठा सरदारांनी नेल्या आणि त्या देवळांत टांगल्या गेल्या. भीमाशंकरची घंटा, नाशिकच्या नारोशंकराची घंटा प्रसिद्ध आहे. वाईजवळ मेणवली येथील घंटेवर बाळ येशूला घेतलेल्या पवित्र मारियेची आकृती आहे. या घंटा पाहून आपल्यातील काहींना अपमान आठवतो, तर आणखी कोणाला त्या विजयाची चिन्हे वाटतात. मला मात्र त्यांचा हेवा वाटतो. त्या घंटांनी मालक बदलला, उपासना बदलली. पण अंगावरची खूण तशीच ठेवली. कोणीही जवळ जाऊन पाहावे आणि त्या कोठून आल्या ते जाणावे. आपल्या घराण्यांना एवढे साधलेले नाही.

तिसरी उलथापालथ इंग्रजांची. तिने तर एकाच समाजाचे दोन तुकडे केले आणि गंमत अशी की ते आपल्या लक्षातही आले नाही. १७७४ च्या अखेरीस इंग्रजांनी ठाणे आणि साष्टी बेट घेतले. वसई १७८० मध्ये त्यांच्या हाती पडली. पण सालबाईच्या तहाने ती पेशव्यांना परत मिळाली आणि पेशवाई बुडेपर्यंत, म्हणजे १८१८ पर्यंत, मराठी राज्यात राहिली. मधल्या काळात, १८०२ च्या शेवटच्या दिवशी, दुसऱ्या बाजीरावाने इंग्रजांशी जो तह करून स्वातंत्र्य गमावले, त्याला नावच वसईचे मिळाले. खाडीच्या दक्षिणेला मुंबईच्या कचेऱ्या, गोद्या आणि इंग्रजी शाळा आल्या. उत्तरेला केळीच्या बागा, पानवेली आणि मराठी शाळा राहिल्या. १८८७ साली, व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षी, मुंबईकडील आपल्या भाऊबंदांनी 'ईस्ट इंडियन' हे नाव धारण केले. गोवा-मंगळुराहून येणाऱ्या ख्रिस्ती बांधवांहून आपण वेगळे आहोत आणि कंपनी सरकारची चाकरी आपण आधीपासून करीत आलो, हे सरकारला कळावे म्हणून! पोटाची गरज होती. त्यांना हसण्याचे कारण नाही. परंतु चाकरीसाठी घेतलेले नाव तिसऱ्या-चौथ्या पिढीला अनादि वारसा वाटू लागते, हे ध्यानात घेण्यासारखे आहे.

इकडे उत्तरेला सामवेदी समाज स्वतःला कुपारी म्हणवतो. हा शब्द पोर्तुगीज 'कोंपाद्रे'वरून आला, असे अभ्यासक मानतात; मुलाचा बाप आणि त्याचा धर्मपिता यांचे नाते त्यातून सांगितले जाते. म्हणजे एका बाजूला साम्राज्याने दिलेले नाव, तर दुसऱ्या बाजूला बाप्तिस्म्याच्या कुंडापाशी जुळलेल्या नात्याचे नाव. दोन्ही नावांत इतिहास दडला आहे. आपल्या किती मुलांना तो ठाऊक आहे?

याच काळातील आणखी एक विस्मरण आहे. लोकमान्य टिळकांचे निकटचे सहकारी, १९१६ च्या होमरूल लीगचे अध्यक्ष आणि १९२५ मध्ये मुंबईचे महापौर झालेले काका जोसेफ बाप्टिस्टा हे याच समाजातले. आपल्या देशभक्तीवर कोणी शंका घेतली की आपल्याला घाईघाईने त्यांची आठवण होते. एरवी त्यांची तसबीर आपल्या किती सभागृहांत आहे? ज्या समाजाला आपल्या दाराशी आलेल्या आरोपीसारखे केवळ बचावापुरतेच पूर्वज आठवतात, त्याने आठवण राखली असे म्हणता येत नाही.

आता आक्षेपांकडे वळू. पहिला आक्षेप असा की जुनी मढी उकरून काय साधणार? आज सलोख्याने राहत असलेल्या शेजाऱ्यांत उगाच वितुष्ट यायचे. दुसरा आक्षेप कुजबुजत्या आवाजात घेतला जातो. मंदिरे पाडल्याचे, हुकूमशाहीचे आपणच लिहून दिले तर उद्या तेच आपल्या अंगावर फेकले जाईल.

या भीतीची मी टिंगल करणार नाही. ती निराधार नाही. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांची २०१९ मध्ये उस्मानाबादच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी निवड झाली, तेव्हा एका ख्रिस्ती धर्मगुरूला हा मान का, असे आक्षेप घेतले गेले. ज्या माणसाने आयुष्यभर मराठीत लिहिले, 'सुवार्ता'चे वर्षानुवर्षे संपादन केले, बायबल मराठीत आणले, त्याचे मराठीपण चारशे वर्षांपूर्वीच्या परकीय सत्तेच्या तराजूत तोलले गेले. पण विचार करा, हे कोणत्या लेखनामुळे घडले? आपण काही कबूल केले म्हणून नव्हे. आपण काहीच सांगितले नाही, म्हणून आपली कहाणी दुसऱ्यांनी सांगितली आणि तिच्यात आपल्याला परकीयांच्या रांगेत उभे केले. मौनाने आपले रक्षण केलेले नाही. आणि सलोख्याचे म्हणाल, तर जो सलोखा एकमेकांच्या आजोबांविषयी न बोलण्यावर उभा आहे, तो पहिल्याच निवडणुकीत डळमळतो.

शिवाय आपण ख्रिस्ती आहोत. स्मृतीविषयी आपल्याला स्वतंत्र शिकवण आहे. २००० सालच्या १२ मार्चला पोप दुसरे जॉन पॉल यांनी रोममध्ये ख्रिस्तसभेच्या लेकरांच्या हातून झालेल्या पापांबद्दल जगासमक्ष क्षमा मागितली. सत्याच्या सेवेसाठी वापरलेल्या बळजबरीचाही त्यात समावेश होता. स्मृतीचे शुद्धीकरण असे त्याला म्हटले गेले. पोपमहाशयांना जे जगापुढे सांगता आले, ते आपल्याला धर्मग्रामाच्या स्मरणिकेत सांगता येऊ नये?

आणि मत्तयचे शुभवर्तमान उघडून पाहा. सुरुवातीलाच येशूची वंशावळी आहे. मत्तयने पिढ्यांची मोजणी करताना मैलाचा दगड म्हणून बाबेलोनच्या हद्दपारीचा उल्लेख केला आहे. राष्ट्राच्या मानहानीची ती घटना. एखाद्या दरबारी भाटाने ती गाळली असती. त्याच यादीत परकी रूथ आहे, वेश्या राहाब आहे, उरियाची बायको आहे, म्हणजे दावीद राजाचे पापही आहे. आपल्या तारणाऱ्याच्या घराण्याची नोंद लिहिताना जे लपवावेसे वाटले नाही, त्याहून लाजिरवाणे असे आपल्या परेरा-लोपीसांच्या घराण्यात काय आहे?

या साऱ्याची घाई आज का, असे कोणी विचारील. घाई अशासाठी की चौथी उलथापालथ चालू आहे आणि तिला ना तोफा लागतात, ना तह. वसईची जमीन बांधकामासाठी खुली झाली आणि हरित वसईच्या चळवळीने १९८० च्या दशकाच्या अखेरीपासून तिच्याविरुद्ध दंड थोपटले. काही राखले गेले, पुष्कळ गेले. वाडी विकली जाते तेव्हा फक्त माती विकली जात नाही. विहिरीला, बांधाला, शेताच्या तुकड्याला नावे होती आणि त्या नावांत घराण्याची कथा होती. कोणत्या भावाने कोणत्या साली कोणते शेत गहाण टाकले, कोणती शाखा खाडीपलीकडे गेली, हे त्या नावांवरून उलगडत असे. इमारतीला इंग्रजी नाव मिळते आणि कथा संपते. त्यातच मुले इंग्रजी शाळेत शिकतात. आजीची कादोडी त्यांना समजते, पण बोलता येत नाही. आजीनंतर ती समजायचेही कारण उरणार नाही. चिमाजी आप्पांच्या फौजेने जे हिरावून घेतले नाही, ते आपण भाव चांगला आला म्हणून देऊन टाकीत आहोत.

म्हणून माझ्या मागण्या साध्या आहेत. पहिली, यापुढे कोणत्याही धर्मग्रामाने १७३९ ते १९०० हा काळ एका वाक्यात उरकणारी स्मरणिका काढू नये. काढायचीच असेल तर त्या काळातील घराण्यांचा शोध घ्यावा. बाप्तिस्मा, विवाह आणि मृत्यूच्या नोंदवह्या त्यासाठीच आहेत. त्या पोर्तुगीज भाषेत असतील, तर आपल्याच चार तरुणांना ती भाषा शिकण्यासाठी धर्मग्रामाने मदत करावी. महोत्सवाच्या रोषणाईवर होणाऱ्या खर्चापुढे हा खर्च किरकोळ आहे.

दुसरी, प्रत्येक कुटुंबाने या वर्षी घरातील सर्वांत वृद्ध व्यक्तीजवळ बसून एक वही लिहावी. तीत नावे, नाती, घरनाव, शेतांची नावे, स्थलांतरे, भांडणे आणि गाणी असावीत. विशेषतः बायकांना विचारावे, कारण माहेरची आठवण त्यांनी सासरी आणलेली असते. जे लाजिरवाणे वाटेल तेही लिहावे. त्यावर पांघरूण घालायचे की नाही, ते नातवंडांना ठरवू द्यावे.

तिसरी मागणी वडीलधाऱ्यांना आहे. मुलाने किल्ल्यात चिमाजी आप्पांचा पुतळा पाहून 'बाबा, आपण कोणत्या बाजूचे?' असे विचारले, तर विषय बदलू नका. त्याला सांगा, बाळा, लढाई दोन राज्यांची होती. एकाने आपल्याला धर्म दिला आणि त्याबरोबर जुलूमही दिला. दुसऱ्याने ते राज्य घालवले आणि आपल्याला आपला धर्म पाळू दिला. लढाई संपल्यावर एक फौज समुद्रातून गेली, दुसरी घाट चढून गेली. आपण कोठेही गेलो नाही. त्या पावसाळ्यात आपण पेरणी केली.